हसू पाण्याच्या आधी फुटतं: मूकपटांतल्या ठकांची कारागिरी

मागच्या दिवाळीत माझ्या सहा वर्षांच्या भाचीला मी फोनवर एक जुना चित्रपट दाखवला. जेमतेम पाऊण मिनिटाचा, १८९५ सालचा, आवाज नसलेला. एक माळी रबरी नळीनं बागेला पाणी घालतोय. मागून एक पोरगा हळूच येतो आणि नळीवर पाय ठेवतो. पाणी बंद. माळी बुचकळ्यात पडतो, नळीचं तोंड डोळ्यांसमोर धरून आत डोकावतो. पोरगा पाय उचलतो. पुढचं सांगायला नको. भाची खदखदून हसली. मी फोनकडे न बघता तिच्याकडे बघत होतो, म्हणून एक गोष्ट नेमकी टिपता आली. पाणी उडायच्या आधीच ती हसली होती. माळ्यानं नळी तोंडाजवळ नेली आणि तिचं हसू फुटलं. पाणी आलं ते त्यानंतर.

त्या एका क्षणाच्या फरकावर मूकपटांतला सगळा धपाधपीचा विनोद उभा आहे, असं मला तेव्हापासून वाटतं.

स्लॅपस्टिक म्हटलं की आपल्याकडे नाक मुरडलं जातं. पडणं, आपटणं, पार्श्वभागावर लाथ, तोंडावर केक, यात कसली आलीय कला? पण जरा विचार करा. शब्द नाहीत, आवाज नाही, रंग नाहीत, आणि समोर बसलेल्या अनोळखी माणसांना एकाच वेळी हसवायचं आहे. त्यात गोष्ट ठकाची असेल तर काम दुप्पट अवघड. फसवणूक ही मुळात लपूनछपून करायची गोष्ट. ती फसणाऱ्याला अजिबात दिसता कामा नये आणि थिएटरातल्या शेवटच्या रांगेतल्या माणसाला मात्र स्वच्छ दिसली पाहिजे. तमाशातला सोंगाड्या पाटलाला गंडवता गंडवता मधेच प्रेक्षकांकडे वळून दोन वाक्यं टाकतो आणि सगळ्या फडाला आपल्या कटात ओढतो. मूकपटातल्या ठकाला ती सोय नव्हती. त्यानं हे कसं साधलं, तेच इथे उलगडून बघायचं आहे.

माळ्याची ती फीत ल्युमिएर बंधूंची. पॅरिसच्या ग्रँड कॅफेच्या तळघरात २८ डिसेंबर १८९५ रोजी एक फ्रँक तिकीट लावून त्यांनी खेळ केला, त्यातल्या दहा फितींत ती होती. बाकी बहुतेक फितींत आजूबाजूला जे घडतं ते टिपलेलं: कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार, बाळाला भरवणं, समुद्रात डुंबणारी मुलं. ही मात्र ठरवून रचलेली गोष्ट. माळी म्हणून ल्युमिएरांच्या घरचा खराखुरा माळी, फ्रान्स्वा क्लेर, उभा राहिला. खोडीही नवी नव्हती. फ्रान्समधल्या नियतकालिकांच्या चित्रमालिकांत ती आधीच येऊन गेली होती.

नवं होतं ते तिची मांडणी. पडद्यावर एकाच चौकटीत तीन गोष्टी दिसतात: माळ्याची पाठ, लांबलचक नळी आणि पोराचा पाय. माळ्याला पोरगा दिसत नाही, आपल्याला दोघंही दिसतात. समजा, कॅमेरा फक्त माळ्याच्या चेहऱ्यावर असता आणि अचानक पाणी उडालं असतं, तर आपण दचकलो असतो. त्याची थोडी कीवही आली असती. हसलो नसतो. हसू येतं कारण आपल्याला आधीच ठाऊक असतं. ठक, फसणारा आणि बघणारा अशा तिघांत दोघांना गुपित माहीत असतं, आणि त्या दोघांतला एक आपण असतो. पोरानं एक शब्द न बोलता आपल्याला त्याच्या टोळीत घेतलेलं असतं.

त्या फितीतला पुढचा भाग लोक सहसा विसरतात. माळी पोराच्या मागे धावतो, कान धरतो आणि त्याला ओढत पुन्हा पुढे, चौकटीच्या मध्यावर आणतो आणि मग फटके देतो. जिथं पकडला तिथंच का नाही मारलं? कारण कॅमेरा एका जागी खिळलेला. चौकटीच्या कडेला किंवा बाहेर मारलं तर ते कुणाला दिसणार? क्लेर काही नट नव्हता, पण त्या पाऊण मिनिटात त्यानं पडद्याचा पहिला नियम पाळला: इथे जे चौकटीत दिसतं तेवढंच घडतं. पुढच्या तीस वर्षांतल्या सगळ्या ठकांनी आपली दुकानं याच नियमावर चालवली.

आता त्या शब्दाकडे येऊ. स्लॅपस्टिक ही खरोखरची काठी आहे. सोळाव्या शतकापासून इटलीत कॉमेडिया देल आर्ते नावाची मुखवट्यांची लोकनाट्यं चालत. त्यांतल्या नोकर पात्रांकडे, विशेषतः आर्लेकिनोकडे, दोन पातळ फळ्या मुठीपाशी जोडून केलेली काठी असे. मारली की फळ्या एकमेकींवर आपटून ‘फाट्’ असा दणदणीत आवाज व्हायचा आणि अंगाला फारसं लागायचं नाही. आर्लेकिनो हा बेर्गामोकडचा, कायम भुकेला, कामचुकार आणि धन्याला टोपी घालण्यात पटाईत असलेला नोकर. त्याची ती भूक लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

म्हणजे या विनोदाला नाव मिळालं ते आवाजावरून, आणि त्याचा सुवर्णकाळ आला तो मात्र आवाज नसलेल्या सिनेमात. मला ही गोष्ट फार विलक्षण वाटते. रंगमंचावर काठीचा फटका कानांनी कळायचा. पडद्यावर तो डोळ्यांनी ऐकवायचा होता. थिएटरात पियानो असे, बऱ्याच ठिकाणी ढोलवादक फटक्याबरोबर थाप देत, पण त्यावर विसंबून राहता येत नव्हतं, कारण प्रत्येक गावचा वादक वेगळा. म्हणून नटांनी फटक्याचा आवाज अंगात घेतला. मार बसला की सगळं शरीर उडायचं, टोपी उडायची, पाय वर, डोकं खाली. आज आपल्याला तो अतिरेक वाटतो. त्या काळी तो आवाजाच्या जागी होता.

नळीची खोडी इतकी चालली की ती सगळ्यांनी उचलली. फ्रेंच चित्रपटकार जॉर्ज मेलिएसनं १८९६ मध्येच आपली आवृत्ती काढली, इंग्लंडमध्येही तिच्या नकला निघाल्या. पण एका खोडीवर किती दिवस काढणार? मग खोडीला शेपूट जोडलं गेलं: पाठलाग. खोडी करणारा पळतो, मागे फसलेला, वाटेत एका बाईची टोपली उलटते, तीही मागे लागते, मग रंगारी, मग पोलीस, आणि पडदाभर वरात. फ्रान्समध्ये पाथे कंपनीनं असे पाठलागपट भरपूर काढले. तिथूनच माक्स लिंडर पुढे आला. उंच टोपी, छडी, उत्तम कोट, आणि बाईवर छाप पाडण्यासाठी वाटेल ती थाप मारायची तयारी. पहिल्या महायुद्धाआधी त्याचं तोंड युरोपभर ओळखीचं होतं. चॅप्लिननं त्याला उघडपणे गुरू मानलं, एवढं सांगून पुढे जातो, कारण खरा धुडगूस अटलांटिकपलीकडे होता.

मॅक सेनेटनं १९१२ मध्ये लॉस एंजेलिसमध्ये कीस्टोन स्टुडिओ काढला. त्याचे पोलीस जगप्रसिद्ध झाले. एका गाडीत कोंबलेले, वळणावर बाहेर सांडणारे, भामट्यानं हातावर तुरी दिल्या की एकमेकांवर आपटणारे. पोलीसच का? अमेरिकेत तेव्हा पाच सेंटांत सिनेमा दाखवणारी छोटी थिएटरं गल्लोगल्ली होती आणि मोठ्या शहरांतल्या प्रेक्षकांत परदेशातून आलेले मजूर पुष्कळ. अनेकांना इंग्रजी धड कळत नसे. मूकपटाला त्याची गरजही नव्हती. दिवसभर ज्यांच्यासमोर मान खाली घालायची ते गणवेशातले रुबाबदार लोक संध्याकाळी पडद्यावर चिखलात लोळताना दिसायचे. साधा माणूस पडला तर एक माणूस पडतो. गणवेश पडला की त्याच्याबरोबर सगळा तोराही पडतो.

त्या वेड्या वेगामागे एक साधी युक्ती होती, ती समजून घेण्यासारखी आहे. कॅमेऱ्याचा दांडा हातानं फिरवावा लागे. एका फेऱ्यात आठ चित्रं उमटायची. सेकंदाला दोन फेरे घातले की सोळा. आता कॅमेरामननं हात सैल सोडून सेकंदाला बाराच चित्रं घेतली आणि थिएटरात ती सोळाच्या गतीनं दाखवली, तर एका सेकंदाची हालचाल पाऊण सेकंदात उरकते. माणसं सुसाट पळू लागतात, मोटारी एकमेकींना केसाएवढ्या अंतरानं चुकवतात. म्हणजे कॅमेरामनचा मनगटाचा झोकही त्या फसवणुकीत सामील होता. पुढे बोलपट आले आणि सेकंदाला चोवीस चित्रांचं प्रमाण ठरलं. त्या यंत्रांवर जुने चित्रपट तसेच लावले गेले, त्यामुळे साधं चालणंही दीडपट वेगानं दिसू लागलं. लहानपणी दूरदर्शनवर आपण जी तुरुतुरु चालणारी माणसं पाहिली, त्यातली बरीचशी तुरतुर नंतरच्या यंत्रांनी घातलेली आहे. योग्य गतीला तेच चित्रपट बघितले की त्यांतला डौल दिसतो आणि माणूस थक्क होतो.

याच कीस्टोनमध्ये चार्ली चॅप्लिन आला, आठवड्याला दीडशे डॉलरवर. त्याचा पडद्यावरचा पहिला चित्रपट, ‘मेकिंग अ लिव्हिंग’, २ फेब्रुवारी १९१४ चा. त्यात तो चक्क भामटा आहे. उंच टोपी, एका डोळ्यावर भिंग, लोंबत्या मिशा. एका बातमीदाराकडून पैसे उकळतो, त्याचीच प्रेयसी पटवायला जातो आणि शेवटी अपघाताचा फोटो असलेला त्याचा कॅमेरा पळवून बातमी स्वतःच्या नावावर खपवतो. त्याच वर्षाच्या अखेरीस आलेल्या ‘टिलीज पंक्चर्ड रोमान्स’मध्येही तो लफंगाच आहे: खेड्यातल्या टिलीला तिच्या बापाच्या पैशांसाठी पळवून आणतो आणि हॉटेलात तिची पर्स घेऊन पसार होतो. त्याची साथीदार मेबल नॉर्मंड. ही बाई त्या काळी कीस्टोनमध्ये स्वतः चित्रपट दिग्दर्शितही करत होती आणि चॅप्लिनलाही तिनं दिग्दर्शित केलं आहे, हे आवर्जून सांगायला हवं. तिचं नाव फार वेळा गाळलं जातं.

हे दोन्ही भामटे चलाख आहेत. पण त्यांच्यावर जीव जडत नाही. का? कारण आपण त्यांच्या टोळीत शिरतच नाही. टिली साधी भोळी आहे, तिची पर्स गेली की आपल्याला तिचंच वाईट वाटतं. नळीवर पाय ठेवणाऱ्या पोराशी आपली जी हातमिळवणी झाली होती, ती इथे होत नाही.

या दोन भामट्यांच्या मधल्या काळातच ढगळ विजारीचा, घट्ट कोटाचा, बांबूच्या छडीचा तो भटक्या जन्मला होता. तोही लबाडच. चोरतो, थापा मारतो, हात झटकून मोकळा होतो. फरक एवढाच की हळूहळू तो भुकेला झाला. आर्लेकिनोची जुनी भूक चॅप्लिनला पुन्हा सापडली. ती त्याला पुस्तकातून शोधावी लागली नव्हती. लंडनमध्ये सात वर्षांचा असताना तो गरिबांसाठीच्या वर्कहाउसमध्ये राहिलेला मुलगा होता.

१९१८ च्या ‘अ डॉग्ज लाइफ’मध्ये तो रस्त्यावरच्या खाण्याच्या गाडीपाशी उभा आहे. समोर ताटलीत छोटे केक. गाडीवाला, म्हणजे चार्लीचा सावत्र मोठा भाऊ सिडनी, पाठ फिरवतो की एक केक चार्लीच्या तोंडात. वळून बघतो तर चार्ली निर्विकार. पुन्हा पाठ, पुन्हा केक. ताटली रिकामी होत जाते, गाडीवाल्याला संशय येतो पण पुरावा नाही. नीट बघा: हीच ती नळी. एकाची पाठ, दुसऱ्याची करामत, आणि दोन्ही एका चौकटीत. तेवीस वर्षांत खोडीचा सांगाडा बदललेला नाही. त्यात पोट आलं, एवढंच.

याच चित्रपटातला पडद्याचा प्रसंग मला मूकपटांतल्या ठकबाजीचा कळस वाटतो. दोन चोर टेबलाशी समोरासमोर बसले आहेत, पैसे त्यांच्याकडे. एकाच्या पाठीमागे कापडी पडदा, पडद्यामागे चार्ली. तो मागून त्या चोराच्या डोक्यात हाणतो, चोर बसल्या जागी बेशुद्ध. मग चार्ली पडद्यातून स्वतःचे हात त्याच्या काखांखालून पुढे काढतो आणि त्या बेशुद्ध देहाचे हात म्हणून वापरू लागतो. ते हात बियर उचलतात, मिशा पुसतात, समोरच्याला ‘माझा वाटा काढ’ म्हणून खुणावतात. समोरच्याला काही कळत नाही. चेहरा मेलेला, हात मात्र बोलके. शेवटी ते हात दुसऱ्याला ‘जरा जवळ ये, गंमत सांगतो’ म्हणून बोलावतात आणि त्यालाही आडवा करतात. बोलपटात हा प्रसंग उभाच राहिला नसता. दुसऱ्या चोरानं एक प्रश्न विचारला असता आणि सगळं बिंग फुटलं असतं. इथे मुकेपणाच ठकाच्या मदतीला आला.

कुणाला फसवलेलं चालतं, याचा चॅप्लिननं अगदी दुकानदारासारखा हिशेब केला होता. १९१७ च्या ‘द अ‍ॅडव्हेंचरर’मध्ये तो गच्चीत आइस्क्रीम खातोय आणि गोळा सुटून त्याच्याच विजारीत जातो. तिथून घसरत खाली बसलेल्या एका श्रीमंत बाईच्या पाठीत पडतो. पुढच्या वर्षी लिहिलेल्या एका लेखात त्यानं याचं गणित मांडलं. एका आइस्क्रीममध्ये दोन हशे काढले. थंड गोळा अंगावर घसरणं काय असतं ते सगळ्यांना माहीत असतं, त्यामुळे बघणाऱ्याच्याही अंगावर शहारा येतो. आणि बाई श्रीमंत हवी. तोच गोळा एखाद्या झाडूपोछा करणाऱ्या बाईच्या पाठीत पडला असता तर लोकांना तिची दया आली असती आणि हसू मेलं असतं. स्लॅपस्टिकला आचरटपणा म्हणणाऱ्यांनी हे वाचायला हवं. कुणाच्या पाठीत काय पडावं यावर एवढा विचार करणारा माणूस प्रेक्षकाला, आणि त्या झाडूवाल्या बाईलाही, किती मान देत होता!

‘द किड’ १९२१ चा. त्यातला धंदा तर तुम्हाला आठवत असेलच. पाच वर्षांचं पोरगं पुढे जाऊन खिडक्यांच्या काचा फोडतं आणि थोड्या वेळानं पाठीवर काचा लादलेला चार्ली ‘योगायोगानं’ तिथून जातो. एकदा पोरगं दगड भिरकावायला हात मागे नेतं आणि तो हात मागे उभ्या असलेल्या पोलिसाला लागतो. पोरगं वळून बघतं, दगड सहज वर उडवून झेलतं, जणू त्याचसाठी घेतला होता, आणि सटकतं. मग चार्ली काच बसवत असताना ते लाडानं त्याच्याजवळ येतं. पलीकडे पोलीस बघतोय. चार्ली काय करतो? पायानं त्याला हळूच दूर ढकलतो: चल हट, मी तुला ओळखत नाही. आपण हसतो आणि त्याच क्षणी पोटात कालवतं, कारण तो पाय खोटं बोलतोय हे आपल्याला ठाऊक आहे. नळीवरच्या पायापासून या पायापर्यंत सिनेमानं केवढा पल्ला गाठला होता!

चॅप्लिनच्याच काळातला अमेरिकन विनोदवीर बस्टर कीटन, त्याची गोष्ट वेगळी. त्याचा नायक बहुधा फसवला जाणारा आहे, आणि जग हाच ठक. ‘द गोट’ मध्ये (१९२१) तो तुरुंगाच्या खिडकीच्या गजांतून सहज आत डोकावतो. आत एका खुन्याचा फोटो काढायची तयारी चालली आहे. खुनी पटकन खाली वाकतो, नेमका बस्टरचा चेहरा टिपला जातो, आणि मग खुनी टोपीनं भिंग झाकतो. गावभर बस्टरचे फोटो लागतात, तेही गजांआडचे. कॅमेरा कधी खोटं बोलत नाही असं मानणाऱ्या जगाला कीटननं तेव्हाच बजावलं होतं. ‘कॉप्स’ मध्ये (१९२२) एक भामटा रस्त्यावर रडून भेकून त्याला फर्निचर विकतो, जे मुळात भामट्याचं नाहीच. ते एका पोलिसाच्या घरचं. तिथून सुरू झालेला गोंधळ शहरातल्या सगळ्या पोलिसांना त्याच्या मागे लावतो. बस्टरचा चेहरा मात्र दगडासारखा. तो हसत नाही, रडत नाही, फक्त पुढची पळवाट मोजतो.

इथवर प्रेक्षक ठकाच्या बाजूला होता. १९१५ नंतर प्रेक्षकही तयार झाला. खोडी कशी रचली जाते ते त्याला पाठ झालं. मग या मंडळींनी नवा बकरा शोधला: खुद्द प्रेक्षक.

‘द इमिग्रंट’ (१९१७) बोटीवर सुरू होतो. समुद्र खवळलेला, सगळे प्रवासी आजारी. चार्ली कठड्यावर ओणवा, आपल्याकडे पाठ, अंगाला आचके बसताहेत. बिचारा ओकतोय, असं आपण म्हणेपर्यंत तो वळतो आणि हातात मासा! ‘द आयडल क्लास’ (१९२१) मध्ये बायको दारूपायी सोडून गेल्याचं पत्र नवरा वाचतो, पाठ फिरवतो, खांदे गदागदा हलू लागतात. पश्चात्तापाचे हुंदके. वळतो तेव्हा कळतं की तो मन लावून कॉकटेल घुसळतोय. कीटनचा ‘कॉप्स’ गजांआडून प्रेयसीशी बोलणाऱ्या बस्टरपासून सुरू होतो. दृश्य बदलतं आणि तो तुरुंग म्हणजे तिच्या बंगल्याचं फाटक निघतं. त्याच काळातला आणखी एक विनोदवीर हॅरल्ड लॉइड, त्याचा ‘सेफ्टी लास्ट’ (१९२३) याहून पुढे जातो: गज, रडणारी माणसं, मागे लटकणारा फास. पुढच्या दृश्यात ते रेल्वे स्टेशन आहे.

लक्षात आलं ना काय झालं? आधी माळ्याची पाठ आपल्याकडे होती, आता ठकाची पाठ आपल्याकडे आहे. आता माळी आपण आहोत. चौकटीत जे दिसतं तेवढंच घडतं हा क्लेरनं पाळलेला नियम, आणि त्याच नियमानं आपला कान धरलाय. यातलं हसू पाण्याआधी फुटत नाही. ते पाण्यानंतर, स्वतःच्या फजितीवर फुटतं. फसल्यावर राग न येता आनंद होतो, कारण फसवणाऱ्यानं आपलं काही घेतलेलं नसतं.

कीटननं ‘द हाय साइन’मध्ये यावरही ताण केला. रस्त्यावर केळ्याचं साल पडलंय. बस्टर चालत येतोय. सगळं थिएटर त्याच्या पडण्याची वाट बघतंय, आणि तो सालावरून न घसरता सरळ निघून जातो. जाताना प्रेक्षकांना वाकुल्या दाखवतो. न पडून हसवणारा हा बहुधा एकच माणूस.

‘सेफ्टी लास्ट’मध्ये लॉइड ज्या घड्याळाच्या काट्याला लटकतो ते दृश्य सगळ्यांनी पाहिलंय. ते घडवलं कसं? खऱ्या इमारतीच्या गच्चीवर खोटी भिंत बांधली आणि कॅमेरा अशा कोनात ठेवला की खालची गच्ची चौकटीबाहेर राहावी आणि दूरचा रस्ता मात्र दिसावा. लॉइडला जितकं वर चढवायचं तितकी उंच इमारत निवडली. फसवणूक होती, तरी धोकाही होताच. आणि एक गोष्ट प्रेक्षकांपासून झाकून ठेवलेली होती. १९१९ मध्ये फोटो काढताना एक नकली समजलेला बॉम्ब खरोखर फुटला आणि लॉइडच्या उजव्या हाताचा अंगठा आणि तर्जनी गेली. त्यानंतर पडद्यावर तो कातडीच्या रंगाचा, बोटं बसवलेला हातमोजा घालायचा. म्हणजे त्या काट्याला लटकलेल्या हाताला पुरती पाच बोटं नव्हती, आणि ते कुणाच्याही ध्यानात येत नसे. या सगळ्या ठकबाजीत मला सर्वांत हलवून टाकणारी ठकबाजी हीच.

आपल्याकडे ल्युमिएरांचे खेळ ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात आले. पुढे ज्यांनी आपला सिनेमा उभा केला ते दादासाहेब फाळके स्वतः जादूचे प्रयोग करत, ‘प्रोफेसर केळफा’ या नावानं. फाळके उलटं वाचा. तिकडे मेलिएसही मूळचा जादूगारच. फाळक्यांना परदेशी भामटे आणून बसवायची गरज नव्हती. आपल्याकडे हजारो वर्षांचा एक लाडका खोडकर होताच. १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये त्यांनी कृष्ण केला आपल्या मुलीला, मंदाकिनीला. ती तेव्हा सात वर्षांची. त्यात गावातली एक बाई कृष्णाच्या सवंगड्यावर पाणी ओतते आणि त्याचा वचपा म्हणून ही पोरं तिच्या घरातलं लोणी पळवतात. पाणी आणि खोडी, पुन्हा एकदा.

पण फाळके सुरुवातीला एक गोष्ट करतात, जी या सगळ्यांच्या उलटी आहे. गोष्ट सुरू होण्याआधी पडद्यावर फक्त मंदाकिनीचा चेहरा येतो. सात वर्षांच्या मुलीचा अभिनय बघा, अशा अर्थाची पाटी, आणि मग ती एकेक भाव करून दाखवते: राग, हसू, रुसवा. जादूगारानं खेळाआधीच हातचलाखी उघडी करावी तसं. ही एक लहान मुलगी आहे, देव नाही, हे बघणाऱ्याला आधीच सांगितलेलं असतं. त्यानंतर तीच मुलगी यमुनेत उडी घेते, कालियाशी झुंजते, आणि काठावरची यशोदा आक्रोश करत असताना आपलाही श्वास अडकतो.